आहेरानंतरचं वाचन

माणसाचे दात बघून त्याला कामावर घेणारा गृहस्थ मी आयुष्यात एकच पाहिला. माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नाची ही गोष्ट. दौंडला आमच्या अंगणात सनईवाला येऊन बसला होता. चहा संपवून त्यानं कपबशी खाली ठेवली, तसे लग्नाची व्यवस्था बघणारे आप्पा त्याच्यासमोर उकिडवे बसले आणि म्हणाले, "आ करा." सनईवाल्यानं आधी माझ्याकडं पाहिलं. मी घरातला शिकलेला माणूस. अशा वेळी काहीतरी बोलायला हवं होतं. मी कपबशी उचलून घेतली. सनईवाल्यानं तोंड उघडलं. आप्पांनी मान वाकडी करून वरची रांग पाहिली, खालची पाहिली, एक दात बोटानं हलवला आणि बोट धोतराला पुसत निकाल दिला, "पुढचा एक हालतोय. पर लग्नापत्तुर टिकंल. बोला, किती?"

ही सवय बैलबाजारातली. काष्टीच्या बाजारात आप्पांनी उमेदीची सगळी वर्षं दलाली केली होती. बहात्तरच्या दुष्काळानंतर त्यांनी बाजार सोडला आणि लग्नं करून द्यायला सुरुवात केली. मंडप, भांडी, आचारी, वाजंत्री, लाउडस्पीकर, पाहुण्यांसाठी ट्रक असं सगळं ते जमवून आणत. आज या धंद्याला इंग्रजी नाव आहे, ऑफिस आहे आणि तिथं गेल्या गेल्या गार पाणी देतात. तेव्हा नाव नव्हतं. लोक 'लग्नाचे आप्पा' म्हणत, आणि गार पाण्यासाठी आप्पांच्या दारातला रांजण होता. बाजार का सोडला याबद्दल गावात दोन-तीन कथा होत्या. एकीत बैलानं शिंग मारलं होतं, एकीत बायकोनं शपथ घातली होती. मी सरळ विचारलं तेव्हा ते म्हणाले, "दुष्काळात बैलं सरली, मास्तर. लग्नं काय सरत न्हाईत."

मी हायस्कूलात शिकवत असे आणि मला 'सर' म्हणवून घ्यायला आवडत असे. आप्पांनी शेवटपर्यंत 'मास्तर'च म्हटलं.

मुलीकडच्यांकडून ते एक नारळ, सव्वा रुपया आणि पहिल्या पंगतीत एक पान एवढंच घेत. बाकीची मिळकत मंडपवाल्यांपासून आचाऱ्यांपर्यंत सगळ्यांकडून, शेकडा पाच. कमी नाही, जास्त नाही. एका मंडपवाल्यानं त्यांना शेकडा दहा देऊ केले तेव्हा त्याचं तोंड न बघता त्यांनी त्याच्या बांबूंना लाथ घालून पाहिली आणि दुसरा मंडपवाला बोलावला. कुणी 'कमिशन' म्हटलं की ते दुरुस्त करत. कमिशन हापिसात असतं, म्हणत, ही दलाली.

आणि भाव ठरवायचे ते बोटांनी. बैलबाजारात दलाल रुमालाखाली एकमेकांची बोटं धरतात आणि आकडा ठरतो. बाजूला उभ्या असलेल्या बैलाच्या मालकालाही तो कळत नाही. आप्पांनी बाजार सोडला तरी बोटं सोडली नाहीत. रुमाल मात्र सोडला. भर अंगणात, घरच्या सगळ्या माणसांसमोर ते आचाऱ्याची चार बोटं धरत. आचारी कावराबावरा होई, हात खाली ओढून पंच्याआड न्यायला बघे. आप्पा तो पुन्हा वर, उजेडात आणत. ओसरीवरच्या म्हाताऱ्या बायका बोटं मोजत. असा ठरलेला भाव बदलणं मग कुणालाच जमत नसे.

पण हे सगळं मला नुसतं विक्षिप्त वाटे. हादरलो तो पहिल्यांदा त्यांचं वाचन ऐकलं तेव्हा.

आमच्या शाळेतल्या एका शिक्षकाचं लग्न होतं. अक्षता पडल्या, पंगती बसल्या आणि रिवाजाप्रमाणं लाउडस्पीकरवरून आहेर वाचायला सुरुवात झाली. कासुर्डीच्या पाव्हण्यांकडून अकरा रुपये. पाटसच्या आत्याबाईंकडून लुगडं-चोळी. कुणाचे पाच, कुणाचा टोपी-टॉवेल. हा प्रकार मला कधीच आवडला नाही. माणसाचं प्रेम कर्ण्यातून मोजून दाखवायचं आणि पाच रुपयेवाल्यानं जिलबी खाली मान घालून खायची. मी तसं शेजारच्याला सांगतच होतो, तेवढ्यात आहेर संपला आणि माइक आप्पांच्या हातात गेला. खिशातून कागद काढून त्याच सुरात ते पुढं वाचू लागले.

"मंडपवाल्यांकडून मला साडेसात रुपये. आचाऱ्यांकडून मला तीन रुपये. भांडीवाल्यांकडून मला सव्वा रुपाया."

पंगतीत वाढपी जागच्या जागी थांबले. माझ्या पानावर येत असलेला मठ्ठा वाटीच्या वर थांबला. मंडपवाला शिडीवर होता, तो उतरेना. "लौडस्पीकरवाल्यांकडून मला दोन रुपये," असं त्याच लाउडस्पीकरमधून आलं, तेव्हा लाउडस्पीकरवाला बिचारा यंत्र बंद करायला वाकला. पण आप्पांनी पेटीवर पाय ठेवला होता. शेवटी "दलाली संपली, जेवा" असं म्हणून त्यांनी माइक दिला आणि स्वतः पानावर जाऊन बसले. चोरीचा कबुलीजबाब मी पुस्तकांत पुष्कळ वाचला होता. भरल्या पंगतीत, तोंडात भात असताना तो ऐकायची ही पहिलीच वेळ.

नंतर मी त्यांना गाठून विचारलं. तुम्ही प्रामाणिक आहात, वगैरे मी सुरुवात केली. त्यांना ते आवडलं नाही.

"लपवायला लई ध्यानात ठिवावं लागतं, मास्तर," ते म्हणाले. "कुणाला काय सांगितलं, कवा सांगितलं. माझं ध्यान थोडकं हाय."

सगळ्या लग्नांत हेच. बौद्धवाड्यातली लग्नंही ते करून देत. तिथं मुहूर्त नाही, भटजी नाही, वरातीचा घोडा नाही. त्यामुळं आप्पांचा कागद तिथं चार ओळींत संपे. धंद्याच्या दृष्टीनं हे नुकसानच, असं ते सांगत. पण जेवण वेळेवर मिळतं, अशी पुस्तीही जोडत.

बहिणीचं लग्न ठरलं तेव्हा वडिलांनी आप्पांना नारळ दिला. मी विरोध केला होता. माझं म्हणणं, रजिस्टर लग्न करा, चार माणसं बोलवा. बहीण म्हणाली, "दादा, माझं लग्न आहे. तुझा निबंध नाही." विषय तिथं संपला.

मुलगा शिरूरचा, ग्रामसेवक, स्वभावानं गरीब. वडील लहानपणीच गेलेले, मामांनी वाढवलेला. त्यामुळं मुलाकडचं बोलणं मामा बोलत, निर्णय मामा घेत आणि मुलगा मान हलवी. मामांच्या गळ्यात सोन्याची साखळी होती आणि ती शर्टाच्या बाहेर राहावी म्हणून ते वरची दोन बटणं लावत नसत. बैठकीत त्यांनी एकच हट्ट धरला. बँड शिरूरचाच पाहिजे. लाल कोटाची बारा माणसं. खर्च अर्थातच मुलीकडच्यांचा.

आप्पा एसटीनं शिरूरला गेले. परत आले ते सरळ आमच्या ओसरीवर. बँडवाला साडेचारशेच्या खाली यायला तयार नव्हता. तेवढा तर माझा महिन्याचा पगारही नव्हता. आप्पांनी त्याची बोटं धरली, पण दर वेळी तो बोटं सोडवून घेई. शेवटी कंटाळून त्यानं सांगून टाकलं: शंभर मामांचे आहेत, मी कमी कशात करू? मामा शिरूरच्या सगळ्या लग्नांत तेवढे घेतात.

वडील पोस्टातून निवृत्त झालेले. उभ्या जन्मात त्यांनी सरकारी टाचणी घरी आणली नव्हती. त्यांना एकदम आठवलं. आप्पा लग्नात कागद वाचतात. आणि त्या कागदावर केवळ आप्पांचीच नाही, त्या लग्नात ज्यानं ज्यानं कुणाकडून घेतलं त्याची दलाली येते.

अक्षता पडल्यावर मामांचं नाव चारशे माणसांत वाचलं जाणार आणि त्याच संध्याकाळी बहीण त्या घरात राहायला जाणार. जिथं मीठ कुठल्या डब्यात ठेवायचं हेही मामा ठरवतात, त्या घरात.

मला आप्पांकडं पाठवण्यात आलं. लग्नाला चार दिवस होते. त्यांना स्टेशनसमोरच्या हॉटेलात गाठलं. मी म्हणालो, "आप्पा, मामांचं तेवढं गाळा."

"गाळू की. नारळ तुमचा तुम्हाला परत, आन् दुसरा मानूस बघा."

मी त्यांना व्यवहार सांगितला, मग माणुसकी सांगितली. ते बशीतला चहा फुंकत राहिले. शेवटी चिडून मी म्हणालो की तुम्ही वाचाल, जेवाल आणि घरी जाल. पोरगी तिथं जन्म काढणार आहे. त्यांनी बशी खाली ठेवली.

"हे मातूर खरं बोललात," ते म्हणाले. टोपी काढून झटकली. मग म्हणाले, "एकट्या पाव्हण्याचं वाचलं तर पोरीला जड जाईल. तुमच्याकडचं बी एखादं घावलं पायजे. मग दोघांचं वाचू. फिट्टंफाट."

"आणि नाही सापडलं तर?"

"तर ह्या लग्नात कागद न्हाई. पयलीच खेप."

मी जवळजवळ पळतच घरी आलो. आमच्याकडचं काय सापडणार? मंडप, आचारी सगळं आप्पांनीच ठरवलेलं. वडिलांचा प्रश्नच नव्हता. माझ्याकडं फक्त लग्नपत्रिका छापून आणण्याचं काम होतं. ते मी चोख केलं होतं. मजकुरातली सतरा निमंत्रकांची नावं छाटून दोनवर आणली होती आणि मुद्रितात शुद्धलेखनाच्या अकरा चुका काढल्या होत्या. छापखान्याचा मालक माझ्यावर इतका खूश झाला, की त्यानं माझ्या नावाचे शंभर छापील कागद मला आपण होऊन दिले. वर मधोमध नाव, खाली 'एम.ए., बी.एड.', त्याखाली 'व्याख्याते'. 'व्याख्याते' हे त्याचं. मी गॅदरिंगला एकदा बोललो होतो. अकरा चुका काढणाऱ्या मला तो शब्द खोडावासा वाटला नाही, एवढंच.

बहिणीला मी सगळं सांगितलं. वाटलं, सुटकेचा निःश्वास टाकेल. तिनं विचारलं, "मामांनी किती घेतले?"

"शंभर."

"मग वाचायलाच पाहिजे."

मी दार लोटून घेतलं.

"दादा, मला त्या घरात राहायचंय. आत्ता झाकलं तर जन्मभर झाकत बसावं लागेल. मला ठाऊक आहे हे त्यांनाही ठाऊक असू दे." एवढं बोलून ती फडताळाकडं बघत बसली. फडताळात माझं कागदांचं पुडकं होतं. ते तिला मीच मोठ्या कौतुकानं दाखवलं होतं.

लग्नाच्या दिवशी सकाळी आप्पा मंडपाचे बांबू हलवून बघत होते. हळदीच्या लुगड्यात बहीण त्यांच्याशी काहीतरी बोलताना मला दिसली. मला वाटलं, आशीर्वाद मागतेय.

दुपारी अक्षता पडल्या. लाल कोटाच्या बारा माणसांनी असा काही दणका दिला की सनईवाल्याचा हालणारा दात पडायचा राहिला हेच नवल. पंगती बसल्या. आहेर वाचून झाला. आप्पांनी माइक हातात घेतला आणि खिशातून कागद काढला.

कागद निघालेला बघून वडिलांनी माझ्याकडं पाहिलं. मी मान हलवली, म्हणजे मला काही माहीत नाही. खरंच माहीत नव्हतं.

"मंडपवाल्यांकडून मला धा रुपये. आचाऱ्यांकडून मला चार. सनईवाल्यांकडून मला तीन रुपये." शिरूरकर मंडळींना हे नवीन होतं. त्यांचे घास थांबले. मामा मात्र खुर्चीवर मागं रेलून, हा काय गावंढळ प्रकार म्हणून हसत होते.

"आता घरचं," आप्पा म्हणाले. "पत्रिकेच्या छापखान्याकडून, नवरीच्या थोरल्या भावाला, नाव घातल्याले शंभर कागद." त्यांनी कागद डोळ्यांजवळ नेला आणि प्रत्येक अक्षर सुटं करत वाचलं, "यम. ये. बी. येड. व्याख्याते. किंमत सात रुपये."

माझ्या वर्गातल्या पोरांच्या बाजूनं हसू फुटलं आणि ते पंगतीपंगतीतून पसरत गेलं. प्रतिष्ठेच्या हौसेवर मी आजवर जेवढं बोललो होतो ते सगळं या सात रुपयांनी घालवलं. वडील हसत नव्हते. ते माझ्याकडं, एखादं रजिस्टरचं पाकीट फोडलेलं सापडावं तसं बघत होते. सगळ्यात मोठ्यानं हसत होते मामा. साखळी पोटावर उड्या मारत होती. "व्याख्याते," ते शेजारच्याला म्हणत होते, "अरे, व्याख्याते."

"बँडवाल्याकडून मला काही न्हाई," आप्पा म्हणाले. "बँडवाल्याकडून मुलाच्या मामांना शंभर रुपये."

मामांचं तोंड उघडंच राहिलं. आता त्यांच्या तोंडात बघायला आप्पांना 'आ करा' म्हणायचीही गरज नव्हती. लाल कोटातल्या बाराही माणसांनी एकदम जमिनीकडं पाहिलं. नुकताच माझ्यावर पोट धरून हसलेला माणूस उठून भांडू शकत नाही, हे आप्पांनी हेरलं होतं की तो योगायोग होता, मला आजही सांगता येणार नाही.

मामा उठले. सावकाश माइकपर्यंत गेले. ते निघून जातील, वऱ्हाड परत नेतील, काय करतील, कुणालाच कळेना. ग्रामसेवक नवरदेव बाशिंगाआडून बघत होता. माझी बहीण मात्र सरळ मामांकडं बघत होती; तिनं मान खाली घातली नव्हती.

मामांनी घसा साफ केला. "ते शंभर," ते म्हणाले, "आम्ही सूनबाईच्या आहेरासाठीच बाजूला काढलेले होते." आणि खिशातून नोट काढून त्यांनी आप्पांपुढं धरली.

यावर कुणाचाही विश्वास बसला नाही, पण सगळ्यांनी सुटकेनं माना हलवल्या. आप्पांनी नोट घेतली नाही.

"शंभराचा आहेर नसतोय, मामा. वर रुपाया लागतो."

मामांनी एक खिसा चाचपला, दुसरा चाचपला. सुटा रुपया नव्हता. आप्पांनी कमरेची चंची सोडली, वडिलांनी दिलेल्या सव्वा रुपयातला रुपया काढला, नोटेवर ठेवला आणि माइक तोंडाशी धरला.

"मुलाच्या मामांकडून सूनबाईस एकशे एक. त्यातला रुपाया माझा."

या वेळी हसू आलं ते दोन्हीकडून. मामांनाही हसावं लागलं.

आप्पांना त्या पुडक्याबद्दल कुणी सांगितलं, हे मी बहिणीला कधी विचारलं नाही. घरात ते दोघांनाच माहीत होतं. तिला सासरी त्रास झाला का, एवढं मात्र विचारलं. ती म्हणाली, त्रास कसला. मामा बाजारातून भाजी आणतात आणि न विचारता भाव सांगतात. मेथी वीस पैसे जुडी. पिशवी खाली ठेवायच्या आत.

वडिलांनी माझ्याशी आठवडाभर बोलणं टाकलं. मी सात रुपये छापखान्यात नेऊन दिले, पावती आणून त्यांच्यापुढं ठेवली, तेव्हा ते "जेवून घे" म्हणाले.

त्याच सुमाराला आप्पा एकदा घरी आले. पुडकं कुठं आहे, म्हणाले. मी विचारलं, कशाला? तर, तुम्हाला शंभर मिळालं, शेकडा पाच माझं. ते कागद आता दलाली नाहीत, मी पैसे भरलेत, पावती आहे, असं मी त्यांना समजावून सांगितलं. "मिळालं तवा व्हतं न्हवं?" म्हणून त्यांनी पाच कागद मोजून घेतले आणि घडी घालून टोपीत ठेवले.

पुढच्या वर्षी माझ्या एका विद्यार्थ्याच्या लग्नाला मी कासुर्डीला गेलो. पंगतीत बसलो होतो. आहेर संपला, आप्पा उभे राहिले आणि त्यांनी यादी काढली. मी त्यांच्या बाजूच्याच पानावर होतो. कागदाच्या माथ्यावर, मधोमध, मला माझं नाव दिसलं. त्याखाली एम.ए., बी.एड. त्याखाली व्याख्याते. आणि त्याखाली आप्पांच्या हातची वेडीवाकडी अक्षरं: मंडप, आचारी, भांडी.

त्यांनी सगळं वाचलं. मग कागद उलटा करून बघितला, माझ्याकडं बघितलं आणि पुन्हा माइक जवळ घेतला.

"कागद, दौंडच्या मास्तरांकडून मला पाच. त्यातला ह्यो दुसरा. दलाली संपली, जेवा."

मी बोटांवर मोजलं. तीन अजून बाकी होते.